मिरजेचे तात्यासाहेब केळकर आणि लखनौचा करार

मराठीच्या तासाला विनोदाचे स्वरूप शिकवायचे म्हटले की न. चिं. केळकरांचे नाव घ्यावेच लागते. ‘सुभाषित आणि विनोद’ हे त्यांचे पुस्तक १९०८ चे, आणि १९२१ च्या बडोद्याच्या साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष. आपल्या समाजात मात्र त्यांची ओळख एवढीच की ते हिंदू महासभेचे अध्यक्ष होते. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. मधला प्रवास सहसा कोणी सांगत नाही, म्हणून हा लेख.

केळकरांचा जन्म १८७२ चा, मोडनिंबचा. पण बालपण आणि शाळा मिरजेत. पटवर्धनांची मिरज म्हणजे मीरासाहेबांच्या दर्ग्याचीही मिरज. सतारी-तंबोरे बनवणारे शिकलगार तिथे मुसलमान आणि ती वाजवणारे कुठल्याही धर्माचे. अशा गावात वाढलेला मुलगा वकील झाला आणि साताऱ्यात वकिली करू लागला. १८९६ साली टिळकांनी त्याला पुण्याला बोलावून घेतले.

त्या काळी वर्तमानपत्र चालवणे म्हणजे नुसते अग्रलेख लिहिणे नव्हते. छापखाना, वर्गणी, कर्ज, खटले, सगळेच अंगावर. टिळकांनी १८९१ च्या सुमारास ‘केसरी’ आणि ‘मराठा’ ही दोन्ही पत्रे कर्जासकट आपल्याकडे घेतली होती आणि १८९५ साली ते मुंबईच्या कायदे कौन्सिलात निवडून गेले. पत्राचा वाचक पुढे मतदार होतो, हे पुण्याने तेव्हाच पाहिले. केळकर याच शाळेत तयार झाले. १८९७ आणि १९०८, दोन्ही वेळा टिळक तुरुंगात गेले तेव्हा पत्राचा भार केळकरांवर आला. पुढे ते ‘केसरी’च्या विश्वस्तांपैकी एक झाले. पुण्याच्या नगरपालिकेचे अध्यक्षपद, १९२३ साली मध्यवर्ती कायदेमंडळ, हा रस्ता छापखान्यातूनच गेलेला आहे.

आता १९१६ कडे येऊ. टिळकांच्या होमरूल लीगचे चिटणीस केळकर होते. त्याच वर्षी टिळकांवरील जामिनाचा खटला हायकोर्टात लढवला तो जीनांनी, आणि जिंकला. वर्षाअखेर लखनौला काँग्रेस आणि लीगचा करार झाला. मुंबई कौन्सिलातल्या निवडून येणाऱ्या हिंदी सभासदांपैकी एक तृतीयांश जागा मुसलमानांना देण्याचे ठरले, तेही स्वतंत्र मतदारसंघातून. टिळक या कराराच्या बाजूने ठाम उभे राहिले.

नऊ वर्षांनी, १९२५ मध्ये, तेच केळकर कानपूरला हिंदू महासभेच्या अध्यक्षपदी बसले. याच सुमारास मुंजे आणि जयकर यांच्याबरोबर त्यांनी स्वराज्य पक्ष सोडून प्रतिसहकाराची वाट धरली. असे का झाले? खिलाफत चळवळ ओसरली होती, ठिकठिकाणी दंगे झाले होते. गांधींचा कौन्सिल-बहिष्कार त्यांना मुळातच पटला नव्हता. ते हिशेबी, वकिली वृत्तीचे होते. मला वाटते, लखनौ हा त्यांच्या लेखी स्नेह नव्हता, सौदा होता. आणि सौद्याची दुसरी बाजू आपल्याला मिळाली नाही, असे त्यांचे मत झाले.

पण या सौद्यात आपण कुठे होतो? मुंबई इलाख्यात तेव्हा सिंध होता, १९३६ पर्यंत. इलाख्यातली मुसलमानांची संख्या साधारण पाचवा हिस्सा भरत होती ती सिंधमुळे. सातारा, सांगली, मिरज भागातला मुसलमान मूठभर. तो शेतात, मागावर, बाजारात मराठी बोलत होता. एक तृतीयांश जागांचा आकडा त्याच्याकडे पाहून ठरलेला नव्हता, पण त्या आकड्यावरचा राग त्यालाही सोसावा लागला. लीगचे पुढारी त्याच्या नावाने मागत होते, महासभेचे पुढारी त्याच्याकडे बोट दाखवत होते. मिरजेत वाढलेल्या माणसाला हा फरक दिसायला हवा होता, ही माझी त्यांच्याविषयीची खरी तक्रार आहे. पंजाब किंवा बंगालमधल्या पुढाऱ्याबद्दल मी ती केली नसती.

म्हणून त्यांची पुस्तके बाजूला ठेवावीत, असे मला वाटत नाही. टिळकांचे तीन खंडी चरित्र कोरडे आणि लांबलचक आहे, पण त्या काळाची इतकी माहिती मराठीत एका जागी क्वचितच सापडते. लखनौ करार समजून घ्यायचा असेल तर आपल्या मुलांनीही ते उघडावे. केळकर वारले १४ ऑक्टोबर १९४७ रोजी. फाळणी होऊन तेव्हा दोन महिने झाले होते.