सॉफ्टवेअर-डिफाइन्ड नेटवर्किंग

पॅकेट कोणत्या वाटेने जाईल हे ठरवण्याचे काम स्विच आणि राउटरकडून काढून कंट्रोलर नावाच्या स्वतंत्र सॉफ्टवेअरकडे सोपवण्याची पद्धत. संक्षेपाने एसडीएन. निर्णय घेणारा भाग तो कंट्रोल प्लेन, पॅकेट प्रत्यक्ष पुढे धाडणारा तो डेटा प्लेन. या दोहोंची फारकत हा एसडीएनचा गाभा आहे.

जुन्या रचनेत हे दोन्ही भाग एकाच डब्यात असत आणि डबा व त्यातले सॉफ्टवेअर एकाच कंपनीचे. प्रत्येक राउटर शेजाऱ्यांकडून माहिती घेऊन आपल्यापुरता निर्णय करी. ही व्यवस्था टाकाऊ नव्हती. एखादा राउटर बंद पडला तर बाकीचे आपोआप दुसरी वाट काढत. अडचण कारभाराची होती. कार्यालयात एखादी नवी व्हीलॅन, म्हणजे त्याच नेटवर्कमधला वेगळा आभासी विभाग, आणायची म्हटली की इंजिनिअरने एकेका स्विचमध्ये लॉगिन करून कमांड टाइप करायच्या, त्याही कंपनीगणिक वेगळ्या. एक स्विच विसरला तरी दोष शोधण्यात दिवस जाई. संपूर्ण नेटवर्कने काय करावे, हे एका जागी कुठेच लिहिलेले नसे.

स्टॅनफर्ड विद्यापीठात मार्टिन कसाडो या संशोधक विद्यार्थ्याने निक मॅककिओन आणि बर्कलीचे स्कॉट शेंकर यांच्यासोबत नेमके हेच दुखणे हाती घेतले. 2007 मध्ये मांडलेल्या ‘इथेन’ या रचनेत कोणी कोणाशी बोलावे याचे धोरण एका मध्यवर्ती कंट्रोलरवर लिहिले जाई. सुमारे 300 यंत्रांवर ती विद्यापीठातच चालवून पाहिली गेली. त्यातूनच 2008 मध्ये ओपनफ्लो हा प्रोटोकॉल पुढे आला.

ओपनफ्लोमध्ये पॅकेट आले की स्विच आपल्या फ्लो टेबलात पाहतो. तिथल्या प्रत्येक ओळीत एक अट आणि एक कृती असते: अमुक पत्त्यावरून अमुक पोर्टकडे निघालेले पॅकेट असेल तर ते चौथ्या पोर्टने बाहेर काढ, किंवा टाकून दे, किंवा पत्ता बदलून पुढे पाठव. ओळ जुळली तर काम चिपच्या वेगाने तिथेच उरकते. जुळली नाही तर विचारणा कंट्रोलरकडे जाते. तो टेबलात नवी ओळ लिहून देतो आणि त्या प्रवाहातली पुढची पॅकेटे परस्पर निघून जातात. मोठ्या नेटवर्कला पहिल्या पॅकेटची ही फेरीही परवडत नाही, म्हणून तिथे नियम आधीच भरून ठेवतात.

या कल्पनेचा खरा कस गूगलच्या बी-फोर या नेटवर्कवर लागला. डेटा सेंटरना एकमेकांशी जोडणाऱ्या या नेटवर्कची माहिती 2012 मध्ये जाहीर झाली आणि पुढच्या वर्षी सविस्तर शोधनिबंध आला. लांब पल्ल्याच्या महागड्या लाइन एरवी 30 ते 40 टक्केच वापरल्या जात. बिघाड झाला तर हाताशी जागा हवी म्हणून. बी-फोरमध्ये सरासरी वापर 70 टक्क्यांच्या आसपास गेला, काही लाइन तर जवळपास पूर्ण भरून चालल्या. कंट्रोलरला सगळ्या लाइन एकदम दिसतात, आणि डेटाच्या प्रती काढण्यासारखी कामे थोडी थांबू शकतात हेही त्याला ठाऊक असते. अर्थात दोन्ही टोकांची अॅप्लिकेशने गूगलचीच होती. ही सोय प्रत्येकाला नसते.

प्रसार मात्र दुसऱ्या वाटेने अधिक झाला. कसाडो, मॅककिओन आणि शेंकर यांनी काढलेली निसिरा कंपनी व्हीएमवेअरने 2012 मध्ये सुमारे 126 कोटी डॉलरना घेतली. निसिराने तारांना आणि स्विचना हात न लावता सर्व्हरमधल्या आभासी स्विचमध्येच नियंत्रण आणले आणि खऱ्या नेटवर्कवर आभासी नेटवर्क पांघरले. व्हीलॅनच्या 12 बिटांच्या क्रमांकात चार हजारांच्या आसपास विभाग मावतात. अशा पांघरलेल्या नेटवर्कसाठीच्या व्हीएक्सलॅनच्या 24 बिटांत 1 कोटी 67 लाखांहून अधिक. हजारो ग्राहक सांभाळणाऱ्या क्लाउड कंपनीला हा फरक निर्णायक होता. ओपनफ्लो स्वतः मागे पडला, कारण कोणते रकाने तपासायचे हे त्यात आधीच ठरलेले होते. 2014 च्या पी-फोर या भाषेने ते ठरवण्याची मुभाही प्रोग्राम लिहिणाऱ्याला दिली. बँकांच्या शाखा जोडण्यासाठी वापरली जाणारी एसडी-वॅन ही याच विचाराची बाजारू आवृत्ती. तिच्या जाहिरातींत मूळ कल्पनेपेक्षा नाव मोठे असते.

केंद्रीकरणाबरोबर चुकीचा आवाकाही वाढतो. 2 जून 2019 रोजी गूगल क्लाउडमध्ये देखभालीच्या स्वयंचलित यंत्रणेने अनेक ठिकाणची कंट्रोल प्लेनची कामे एकदम थांबवली. डेटा प्लेन काही मिनिटे जुन्या नियमांवर चालत राहिला. मग प्रभावित ठिकाणांमधले मार्ग मागे घेतले गेले आणि उरलेल्या लाइनींवर कोंडी झाली. दुरुस्तीची साधनेही त्याच कोंडीत अडकली आणि सेवा सुमारे चार तास विस्कळीत राहिली. म्हणून मोठ्या नेटवर्कमध्ये एकाच कंट्रोलरवर विसंबत नाहीत; त्याच्या अनेक प्रती चालवतात आणि बदल एकेका विभागापुरते सोडतात.

एका संस्थेच्या हद्दीबाहेर एसडीएनची सत्ता संपते. इंटरनेटवरच्या कंपन्या परस्परांशी आजही बीजीपी या जुन्या प्रोटोकॉलनेच मार्गांची देवाणघेवाण करतात, कारण आपले मार्ग ठरवण्याचा हक्क कोणीच दुसऱ्याच्या कंट्रोलरकडे द्यायला तयार नाही.