दांगो

दांगो हा तांदळाच्या पिठाच्या उकडलेल्या लहान गोळ्यांचा जपानमधील पारंपरिक गोड पदार्थ आहे. साधारणतः तीन ते पाच गोळे बांबूच्या काडीत ओवून तो हिरव्या चहासोबत दिला जातो. मोची व दांगो दिसायला सारखे असले, तरी मोचीसाठी चिकट तांदूळ वाफवून उखळात कुटतात, तर दांगो पिठापासून करतात.

पीठ

दांगोसाठी मुख्यतः दोन पिठे वापरतात. जोशिंको हे नेहमीच्या जपानी तांदळाचे पीठ असून त्याचे गोळे घट्ट होतात. शिरातामाको चिकट तांदळापासून करतात. त्यासाठी तांदूळ भिजवून पाण्यासह वाटतात आणि तळाशी बसलेला साका वाळवतात. चिकट तांदळाच्या स्टार्चमध्ये अमायलोज जवळजवळ नसते; तो बहुतांशी अमायलोपेक्टिनचा असतो व त्यामुळेच चिकटपणा येतो. तांदळात ग्लुटेन नसते. सोबतच्या सोया सॉसमध्ये मात्र बहुधा गहू असतो.

घरगुती कृती

१०० ग्रॅम शिरातामाकोमध्ये सुमारे ९० मिलिलिटर पाणी थोडे थोडे घालून पीठ मळावे. ते कानाच्या पाळीइतके मऊ असावे, असा जपानी स्वयंपाकघरातील संकेत आहे. लहान गोळे वळून उकळत्या पाण्यात सोडावेत. ते तरंगू लागल्यावर आणखी एक-दोन मिनिटे शिजवून गार पाण्यात काढावेत.

जोशिंको गार पाण्यात नीट बांधले जात नाही; म्हणून ते गरम पाण्यात मळतात. उष्णतेने स्टार्च फुगून पीठ एकजीव होते. मोदकाच्या उकडीमागेही हेच तत्त्व आहे.

प्रकार

* मिताराशी दांगो: गोळे भाजून त्यांवर सोया सॉस, साखर व स्टार्च यांचा दाट, गोड-खारट पाक घालतात. याचे मूळ क्योतो येथील शिमोगामो देवस्थानाशी जोडले जाते.
* हानामी दांगो: गुलाबी, पांढरा व हिरवा असे तीन गोळे, चेरीच्या बहराच्या दिवसांत खातात.
* त्सुकिमी दांगो: शरद ऋतूतील चंद्रदर्शनाच्या वेळी चंद्राला अर्पण करतात. पंधराव्या रात्रीचे प्रतीक म्हणून १५ गोळ्यांची रास रचण्याची प्रथा आहे.
* आन दांगो: अझुकी कडधान्याच्या गोड पुरणाचा थर दिलेला प्रकार.

काडीवरील गोळ्यांच्या संख्येविषयी एक समजूत आहे. एदो शहरात पाच मोन किमतीला पाच गोळे मिळत. १७६८ मध्ये चार मोनचे नाणे चलनात आल्यावर ते चार झाले, असे सांगितले जाते.

लोकपरंपरेत

‘हाना योरी दांगो’, म्हणजे फुलांपेक्षा दांगो बरा, ही म्हण शोभेपेक्षा उपयोग पाहणाऱ्यांविषयी वापरतात. मोमोतारोच्या लोककथेतील नायक किबी दांगो देऊन कुत्रा, माकड व फेझंट पक्षी यांना सोबती करून घेतो.

साठवण व दक्षता

दांगो त्याच दिवशी खावा. शीतकपाटात स्टार्चची पुन्हा घट्ट रचना होऊन गोळे कडक होतात. पुन्हा गरम केल्यास ते मऊ होतात. गुळगुळीत व चिवट गोळा घशात अडकून श्वास कोंडण्याचा धोका असतो. लहान मुलांना तो देणे टाळावे. वृद्धांना व गिळण्यास त्रास होणाऱ्यांना द्यायचाच झाल्यास बारीक तुकडे करून, कोणीतरी जवळ असताना द्यावा. मुलांनी काडी तोंडात धरून चालू नये.