लिंगो, मार्क आणि फिनलंडचा ठेका

1871 साली लंडनला कॅप्टन जेम्स फोरसाइथचं मध्य हिंदुस्थानातल्या डोंगर-जंगलांवरचं पुस्तक छापून आलं. वाघाच्या शिकारी, गवे, साल आणि सागाची वनं यांच्या गर्दीत मध्येच एक लांबलचक इंग्रजी कविता लागते. तिचा नायक गोंडांचा लिंगो. गीत मूळचं परधानाच्या, म्हणजे गोंडांच्या पिढीजात गायकाच्या, तोंडचं. पण इंग्रजीत ते ज्या ठेक्यावर चालतं, तो ठेका गोंडीही नाही आणि इंग्रजीही नाही. तो फिनलंडहून आलेला आहे.

एलियास ल्योनरोट नावाच्या डॉक्टरने फिनलंडच्या पूर्वेकडची खेडी पालथी घालून गाणी गोळा केली, ती एकमेकांना जोडली आणि 1835 मध्ये ‘कालेवाला’ हे महाकाव्य छापलं. 1849 मध्ये त्याची वाढीव आवृत्ती निघाली. अमेरिकी कवी लाँगफेलोने त्याचं जर्मन भाषांतर वाचलं आणि तोच ठेका उचलून 1855 मध्ये अमेरिकी आदिवासींच्या कथांवर ‘हायावाथा’ रचलं. फोरसाइथने ‘हायावाथा’चा साचा घेऊन त्यात लिंगो ओतला. फिनलंड, अमेरिका, सातपुडा असा हा प्रवास.

हा नुसता गमतीचा किस्सा म्हणून सोडून देता आला असता. पण याच फिनिश गाण्यांची दुसरी एक वाट जर्मनीतल्या धर्मशास्त्राच्या वर्गांत जाते, आणि येशूची शुभवर्तमानं कशी तयार झाली या प्रश्नाशी येऊन थांबते. बायबलच्या अभ्यासाची कुळकथा सांगणारे या वाटेला सहसा एखादी तळटीप देतात. चंद्रपूर-गडचिरोलीकडून, म्हणजे गोंडांच्या मुलखातून, पाहिलं तर तळटीप अपुरी पडते.

मूळ प्रश्न जुनाच आहे. मत्तय, मार्क, लूक या तीन शुभवर्तमानांत कित्येक प्रसंग जवळजवळ त्याच शब्दांत येतात आणि तरीही जुळत नाहीत. ग्रीसबाखने अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात तिन्ही मजकूर शेजारी-शेजारी रकान्यांत छापले. त्यानंतर कोणी कोणाचं पाहून लिहिलं याचा तपास सुरू झाला. लाखमान, वाइसे आणि 1863 मध्ये होल्त्समान यांनी मार्क सगळ्यांत जुना ठरवला. मत्तय आणि लूक यांच्याजवळ वचनांचा आणखी एक, आता हरवलेला संग्रह असावा असं मानलं गेलं. ही कथा कुठल्याही पाठ्यपुस्तकात मिळते.

खरी मजा पुढच्या प्रश्नात आहे. मार्कच्या आधी काय होतं? येशूचा मृत्यू आणि मार्कचं लेखन यांच्यामध्ये तीस-चाळीस वर्षांचं अंतर. त्या काळात या गोष्टी लोकांच्या तोंडी होत्या. मग लोकांच्या तोंडी गोष्टींचं काय होतं, हे कोणाला विचारायचं? हेर्मान गुंकेलने हा प्रश्न आधी जुन्या कराराला विचारला: ही गोष्ट कुठे सांगितली जात होती? विहिरीवर, देवळात, की मर्तिकाला? त्याच्या उत्पत्तीच्या पुस्तकावरच्या भाष्याची तिसरी आवृत्ती 1910 मध्ये निघाली. तीत त्याने डॅनिश पंडित आक्सेल ओल्रिक याचे लोककथांचे ‘नियम’ वापरले: एका प्रसंगात दोनच पात्रं समोरासमोर येतात, गोष्ट तीनदा घडते, भार शेवटच्यावर असतो. ओल्रिकचा जवळचा सहकारी कार्ले क्रोन. कार्लेचे वडील युलियस यांनी ‘कालेवाला’तल्या गाण्यांची गावोगावची रूपं शेजारी ठेवून कोणतं रूप कुठून निघालं हे शोधण्याची पद्धत बसवली होती आणि मुलाने ती लोककथांना लावली. 1921 मध्ये रुडोल्फ बुल्टमानने ओल्रिकचे हेच नियम शुभवर्तमानांतल्या गोष्टींना लावले. दयाळू शोमरोन्याची गोष्ट आठवा. वाटेवर जखमी पडलेल्या माणसाजवळून आधी याजक जातो, मग लेवी, आणि तिसरा शोमरोनी थांबतो. नियम जसाच्या तसा.

म्हणजे फिनलंडच्या खेड्यांतल्या गाण्यांनी दोन लेकरं दिली. एक ठेका, जो लिंगोला मिळाला, आणि एक पद्धत, जी मार्कला लागली.

या वंशावळीला हरकत घेणारे आहेत आणि त्यांचं म्हणणं कच्चं नाही. शुभवर्तमानं तोंडी परंपरेतून आली हे हेर्डरने अठराव्या शतकाच्या अखेरीसच म्हटलं होतं. गुंकेलच्या डोक्यात ग्रिम बंधू होते. फिनलंड नसतं तरी जर्मन पंडित तिथेच पोचले असते. असेल. पण हेर्डरकडे होती ती कल्पना; रूपांतरं मांडून तपासण्याची सवय उत्तरेकडून आली. शिवाय ओल्रिकने स्वतःच नोंदवलं आहे की भारतीय कथांत तीनच्या जागी बऱ्याचदा चार येतो. लिंगोच्या गीतात गुहेतून निसटलेले गोंड भाऊ किती? चार.

आता ते गीत. ते उतरवून घेतलं स्टीफन हिस्लॉप यांनी. फ्री चर्च ऑफ स्कॉटलंडचे हे मिशनरी 1845 मध्ये नागपूरला आले. आज त्यांचं नाव नागपूरच्या कॉलेजामुळे राहिलं आहे, पण चांद्याच्या, म्हणजे आजच्या चंद्रपूरच्या, दृष्टीने त्यांची ओळख वेगळी. ते दगड वाचायचे. चांद्याकडच्या मांगलीच्या खडकात त्यांना आणि त्यांचे सोबती हंटर यांना एका प्राचीन उभयचराची कवटी मिळाली, आणि रिचर्ड ओवेनने तिला ‘ब्रॅकिऑप्स’ हे नाव दिलं. भूगर्भशास्त्रात पुढे ‘गोंडवाना’ हा शब्द रुळला त्याच्या आधीची ही गोष्ट. 4 सप्टेंबर 1863 च्या रात्री टाकळघाटहून घोड्यावर परतताना ओढ्याच्या पुरात हिस्लॉप वाहून गेले. होल्त्समानने मार्क सर्वांत जुना ठरवला ते हेच साल. हिस्लॉप यांचे कागद रिचर्ड टेंपल यांनी 1866 मध्ये छापले. त्यात एका परधानाकडून घेतलेलं लिंगोचं गीत आहे, मूळ गोंडी आणि सोबत इंग्रजी.

खडकाचे थर वेगळे काढणारा माणूस गाण्यातले थर वेगळे काढतो का? हिस्लॉप यांना तेवढं आयुष्यच मिळालं नाही. पण त्यांच्याच चर्चमधल्या एकाने ते काम बायबलवर केलं आणि त्याची किंमत मोजली. विल्यम रॉबर्टसन स्मिथ हा फ्री चर्चच्याच अ‍ॅबर्डीनमधल्या कॉलेजात शिकवत होता. बायबलचे ग्रंथ थराथरांनी बनले आहेत असं त्याने ‘एन्सायक्लोपीडिया ब्रिटानिका’त लिहिलं आणि 1881 मध्ये त्याला अध्यापकपदावरून काढलं गेलं. गोंडांचं गीत जसंच्या तसं उतरवणारा मिशनरी आणि बायबलचे थर उकलणारा प्राध्यापक एकाच चर्चचे, हे लक्षात ठेवण्यासारखं आहे.

गीताची कथा थोडक्यात अशी. महादेवाला गोंडांच्या वासाचा वीट येतो. अंगाच्या मळातून तो खार निर्माण करतो, खारीच्या मागे धावणारे गोंड गुहेत शिरतात, आणि महादेव दारावर सोळा हात लांब धोंडा लावतो. चौघे निसटतात. त्यांना लिंगो भेटतो, शेती शिकवतो, आणि आपल्या वाद्यावर राक्षसाला भुलवून त्याच्या सात मुली चौघांना मिळवून देतो. त्या बायका लिंगोवर भाळतात. तो नकार देतो. त्या उलट त्याच्यावरच आळ घेतात. भाऊ त्याला मारतात, त्याचे डोळे काढतात आणि रात्री गोट्यांसारखे खेळतात. देव अमृत पाठवून त्याला उठवतो, आणि मग लिंगो महादेवाच्या अटी पुऱ्या करून गुहेतल्या गोंडांना सोडवतो.

निरपराध माणूस मारला जातो, पुन्हा उठतो आणि आपल्यांना बंदिवासातून सोडवतो. हे कागद मिशनऱ्याच्या पेटीत सापडले म्हटल्यावर संशय यायचाच. गीतावर ख्रिस्ती छाया पडली का?

नाही, असं ठामपणे म्हणावंसं वाटतं. नकार मिळालेल्या बाईने आळ घेण्याची गोष्ट उत्पत्तीच्या पुस्तकात योसेफाची आहे, पण ती त्याहून जुन्या इजिप्तच्या दोन भावांच्या कथेतही आहे. आणि लिंगोच्या कथेत जे ठसठशीत आहे ते योसेफाच्या गोष्टीत कुठेच नाही: डोळे. डोळे आहेत ते कुणालाच्या कथेत. अशोकाचा मुलगा कुणाल सावत्र आईला नकार देतो आणि तिच्या कारस्थानाने डोळे गमावतो. ‘अशोकावदाना’त शेवटी ते त्याला परत मिळतात. लिंगो गाण्यावर जगतो, कुणालही आंधळा झाल्यावर वीणा वाजवत फिरतो. आता भद्रावतीला विजासनची बौद्ध लेणी पाहा, चंद्रपूरपासून फार लांब नाहीत. ही गोष्ट तिथल्या भिक्खूंनी सांगितली आणि जंगलात राहून गेली, हा तर्क आहे. मधल्या हजारभर वर्षांचा दुवा हातात नाही. पण मिशनरी तर्कापेक्षा तो नक्कीच बरा. महादेव, पार्वती, अमृत अशी हिंदू पुटं तर गीतावर उघडच चढलेली आहेत. ख्रिस्ती पूट मात्र शोधून काढावं लागतं.

बुल्टमानच्या शिष्याला चंद्रपूरच्या आसपास आणखी चांगला खुराक मिळाला असता, कारण लिंगोचं एकच गीत नाही. 1948 मध्ये क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ यांनी निजामाच्या मुलखातल्या आदिलाबादच्या राजगोंडांवरचं पुस्तक छापलं. तिथले परधान जंगुबाईची कथा गातात. जंगुबाईचं गुहेतलं ठाणं जिवती तालुक्याला लागून तेलंगणाच्या सीमेवर आहे आणि पौषात तिथे दोन्हीकडचे गोंड जमतात. फ्यूरर-हायमेनडॉर्फ यांच्या पुस्तकाच्या एक वर्ष आधी व्हेरिअर एल्विन यांनी बस्तरच्या मुरियांचा लिंगो छापला; तो गोटुलचा, म्हणजे तरुण-तरुणींच्या सामुदायिक घराचा, मूळपुरुष आणि अठरा वाद्यं वाजवणारा. एल्विन स्वतः ऑक्सफर्डला धर्मशास्त्र शिकलेले आणि पाद्री म्हणून भारतात आलेले. त्यानंतर नागपूरचे मोतीरावण कंगाली यांनी गोंडी पुनेम म्हणजे गोंड धर्माची मांडणी करणारा ‘पारी कुपार लिंगो’ लिहिला.

आता धोंड्यापुरतंच पाहू. हिस्लॉपच्या गीतात तो लिंगो हटवतो. कंगालींच्या मांडणीत गुहेत कोंडलेली मुलं आहेत, आणि हिरासुका पाटालीर नावाचा गायक किंगरी हे वाद्य वाजवतो, त्या सुरांनी बळ येऊन मुलंच धोंडा ढकलतात. त्याखाली हिरासुका मरतो. तारणारा एकटा देवमाणूस उरत नाही. गाणारा प्राण देतो आणि कोंडलेले स्वतःच बाहेर पडतात. एक गीत ब्रिटिश अमलात मिशनऱ्याला सांगितलं गेलं, तर दुसरी मांडणी आपला धर्म आपणच सांगू पाहणाऱ्या आदिवासी चळवळीतून आली. गोष्ट कुठे सांगितली जात होती, हा गुंकेलचा प्रश्न इथे फारसा अवघड राहत नाही. येशूच्या कबरीवरच्या धोंड्याचंही तसंच. मार्कमध्ये बाया पोचतात तेव्हा तो आधीच सरकलेला असतो, कोणी सरकवला ते सांगितलेलं नाही. मत्तयात भूकंप होतो, देवदूत उतरतो, धोंडा लोटतो आणि त्यावर बसतो. तिथे पहारेकरीही आहेत, कारण शिष्यांनी प्रेत चोरलं या आरोपाला मत्तयाच्या मंडळीला उत्तर द्यायचं होतं.

बुल्टमानला वाटायचं की गोष्टी सांगता-सांगता वाढतात, म्हणून छोटी ती जुनी. ई. पी. सँडर्सने 1969 मध्ये पुराव्यानिशी दाखवलं की परंपरा दोन्ही बाजूंना जाते, वाढते तशी आटतेही. त्याला फोरसाइथ माहीत असता तर एक उदाहरण वाढलं असतं: कॅप्टनने हिस्लॉपचं गीत चांगलंच कापून छोटं केलं. फोरसाइथची कविता हाती आली आणि हिस्लॉपचे कागद हरवले असते, तर या नियमाने लिंगोचं सर्वांत जुनं रूप हायावाथाच्या ठेक्यात ठरलं असतं.

दुसऱ्या टोकाला स्वीडनचा बिर्गर गेरहार्डसन. 1961 मध्ये त्याने मांडलं की रब्बींचे शिष्य घोकून पाठ करत, तशीच येशूची वचनं पाठ झाली. वाढ-घट फारशी नाही. परधान बुल्टमान आणि गेरहार्डसन यांच्या मध्ये कुठेतरी बसतो. त्याच्या यजमानांची घरं ठरलेली. त्यांच्या कुळाची, सगाची म्हणजे कुळगटाची, देवांची नावं चुकली तर ऐकणारेच टोकणार. बाकीचं रंगवायला तो मोकळा. केनेथ बेली याने मध्यपूर्वेतल्या खेड्यांतली वर्षं जमेला धरून 1991 मध्ये जवळपास हेच सांगितलं: गाभ्यावर गावाची नजर, तपशील सैल.

आणि विदर्भाला हे सगळं परदेशी पुस्तकांतून शिकण्याचीही गरज नव्हती. महानुभाव पंथाचे चक्रधर गेल्यानंतर त्यांचे अनुयायी म्हाइंभट यांनी ज्यांनी त्यांना पाहिलं-ऐकलं त्यांना गाठून आठवणी गोळा केल्या, नागदेवांकडून तपासून घेतल्या आणि रिद्धपूरला ‘लीळाचरित्र’ सिद्ध झालं. पुढे धामधुमीत मूळ पोथी गेली आणि ते पाठ असणाऱ्यांच्या स्मरणातून पुन्हा लिहावं लागलं. वेगवेगळे पाठ आले. महानुभावांनी त्यांतला एक निवडून बाकीचे फेकले नाहीत. अमक्याच्या आठवणीप्रमाणे असं, तमक्याच्या म्हणण्याप्रमाणे तसं, अशा ‘वासना’ पोथीतच नोंदवून ठेवल्या. वि. भि. कोलते यांनी 1978 मध्ये संपादित प्रत काढली तेव्हा त्यांच्यासमोर हे सगळं होतं. ग्रीसबाखच्या रकान्यांच्या कितीतरी शतकं आधीचं हे काम आहे. फरक एवढाच की मार्क, मत्तय, लूक यांनी आपण कोणाच्या तोंडून काय ऐकलं हे प्रसंगागणिक लिहून ठेवलं नाही, म्हणून जर्मन पंडितांना नियम शोधत फिनलंडपर्यंत जावं लागलं.