अपील जिंदाबाद!

शनिवारी सकाळी चहा पिता पिता ऑफिसमधल्या मल्याळी मित्राला सहज विचारलं, "तुमच्याकडे जानेवारी आला की सगळे कोर्टात का धावतात?" तो हसला. "अरे, कलोत्सव!" मग अख्खा वीकेंड वाचण्यात गेला.

केरळचा शालेय कलोत्सव 1957 मध्ये एर्नाकुलमला सुरू झाला. दुसऱ्याच वर्षी, 1958 मध्ये, येसुदास गायनात आणि पी. जयचंद्रन मृदंगात पहिले आले. 1986 पासून 'कलाप्रतिभा' आणि 'कलातिलकम' हे किताब आले. मंजू वॉरियर कलातिलकम झाली आणि पुढे सिनेमात गाजली. मग काय, किताब म्हणजे सिनेमाचं तिकीट! वरून परीक्षेत ग्रेस मार्क. आईबाप चिडीला पेटले, भांडणं वाढली. शेवटी 2005 नंतर किताब बंद झाले, ग्रेड आल्या.

पण भांडणं थांबली नाहीत, कारण गोम वेगळीच होती. जिल्ह्यातून राज्य पातळीवर जायचं तर पहिला नंबर हवा. दुसरा आलात, तर पैसे भरून शिक्षण खात्याकडे अपील. तिथे नकार मिळाला की कोर्ट; पूर्वी लोक लोकायुक्त किंवा बालहक्क आयोगाकडेही जात. स्पर्धा चार दिवसांवर, सविस्तर सुनावणीला वेळ कुठला? मग अंतरिम आदेश: "तूर्तास नाचू द्या." एकदा मूल नाचलं की मूळ खटल्यात राहतं काय? इकडे अपिलांमुळे स्पर्धक वाढतात, कार्यक्रम रात्र रात्र लांबतो, आणि लहान मुलं मेकअप करून ताटकळत बसतात. 2018 मध्ये त्रिशूरला तर बालहक्क आयोगाचे चक्क बनावट आदेश सापडले, अटकाही झाल्या.

हायकोर्टाची अडचण खरी आहे. पक्षपात झाला किंवा नियम मोडला, तर न्यायाधीश बघू शकतात. पण मोहिनीआट्टममधली कोणती मुद्रा सरस, हे ते कसे ठरवणार? डिसेंबर 2022 मध्ये कोर्टाने पालकांनाच सुनावलं, की जिंकण्यापेक्षा भाग घेणं महत्त्वाचं.

आधी मीही म्हटलं, बरोबर आहे, हे पालकांचेच चोचले. मग आठवलं. सातवीत गाण्याच्या स्पर्धेत माझा दुसरा नंबर आला होता. पहिला आलेला मुलगा परीक्षकांच्याच क्लासचा! बाबा म्हणाले, "जाऊ दे, पुढच्या वेळी बघू." पुढच्या वेळी मी नावच दिलं नाही.

म्हणून अपिलाची सोय हवीच. फक्त ती ज्याच्याकडे वकिलाचे पैसे आहेत त्याच्यापुरती नको. परीक्षकांनी गुण देताना दोन ओळी कारण लिहिलं, आपल्या शिष्यांच्या स्पर्धेत ते बसलेच नाहीत, तर निम्मी भांडणं तिथेच मिटतील. आपण नाही का, कोड रिव्ह्यूमध्ये नुसतं 'नाही' म्हटलं की भडकतो, पण कारण दिलं की गुपचूप दुरुस्त करतो?

असो. बाबांना आज फोन केला. त्यांना ती स्पर्धा आठवतही नाही. मला मात्र अजून ते गाणं अख्खं पाठ आहे.