इंग्रजी वनस्पतींची नावे : अर्थ आणि इतिहास

इंग्रजीचा तास म्हटला की आपल्या पुष्कळ मुलांच्या पोटात गोळा येतो. शब्द पाठ करावयाचे, स्पेलिंग घोकावयाचे आणि परीक्षा संपली की विसरून जावयाचे, असा परिपाठ पडला आहे. परंतु एखाद्या शब्दाचे कूळ कळले तर तो सहसा विसरत नाही, असा माझा अनुभव आहे. त्यासाठी मी वर्गात फुलाझाडांची जुनी इंग्रजी नावे घेतो.

‘डेझी’ हे नाव पहा. इंग्लंडच्या कुरणात उगवणारे हे इवलेसे फूल सकाळी उमलते आणि संध्याकाळी पाकळ्या मिटून घेते. हजार वर्षांपूर्वीच्या इंग्रजीत त्याला ‘दिवसाचा डोळा’ म्हणत. ‘डेज आय’ हे दोन शब्द भरभर म्हणून पहावेत, डेझी आपोआप तयार होते. ‘काउस्लिप’ या सुंदर पिवळ्या फुलाच्या नावात मात्र चक्क गाईचे शेण आहे! गुरे चरतात त्या कुरणात ते उगवते, म्हणून हे नाव पडले असावे. वर्ग खो खो हसतो, पण शब्द लक्षात राहतो. ही नावे ठेवणारे पंडित नव्हते, शेतात राबणारी साधी माणसे होती.

पुढे १०६६ साली नॉर्मन लोकांनी इंग्लंड जिंकले आणि राज्यकर्त्यांची फ्रेंच भाषा इंग्रजीत मिसळू लागली. ‘डँडेलिऑन’ हे नाव फ्रेंचमधूनच आले. त्याच्या पानांच्या कडा दातेरी असतात, म्हणून ‘सिंहाचा दात’.

काही नावे याहून दूरचा प्रवास करून आली, आणि त्यांच्या वाटेवर अरबी भाषा भेटते. ‘सॅफ्रन’ म्हणजे आपले जाफरान, हे कान देऊन ऐकले तरी कळते. ‘ॲप्रिकॉट’ची, म्हणजे जर्दाळूची, हकिकत अधिक गमतीची आहे. ‘लवकर पिकणारे’ अशा अर्थाचा लॅटिन शब्द ग्रीकांकडून अरबांकडे गेला. तेथे त्याचा ‘अल्-बर्कूक’ झाला. मुस्लिम राजवटीतील स्पेनमधून तो पुन्हा युरोपात शिरला व सोळाव्या शतकात इंग्रजीत पोहोचला. युरोपचाच शब्द, पण अरबी पेहराव करून घरी परतला! ‘टॅमरिंड’ म्हणजे ‘तमर हिंदी’, हिंदुस्थानचा खजूर. वास्तविक चिंचेचे झाड मूळचे आफ्रिकेतले, आणि खजुराशी त्याचे काही नाते नाही. पण अरबांना चिंच मिळे ती हिंदुस्थानातून.

येथवर कौतुक झाले. आता पालकांसाठी थोडे सावधगिरीचे. इंग्रजीत अनेक वनस्पतींच्या नावाअखेर ‘वर्ट’ येते. जुन्या इंग्रजीत त्याचा अर्थ रोपटे, औषधी पाला. ‘लंगवर्ट’ म्हणजे फुप्फुसाचा पाला. पानावरचे पांढरे ठिपके रोगट फुप्फुसासारखे दिसतात, म्हणून तो छातीच्या विकारावर देत. जे ज्या अवयवासारखे दिसते ते त्यावर औषध, अशी त्या काळची समजूत. ‘बर्थवर्ट’ म्हणजे बाळंतपणाचा पाला. फुलाचा आकार गर्भाशयासारखा वाटल्याने शतकानुशतके तो बाळंतिणींना दिला गेला. या वनस्पतीतील द्रव्य मूत्रपिंडे नासवते व कर्करोग उत्पन्न करते, हे आता सिद्ध झाले आहे. १९९० नंतरच्या काही वर्षांत बेल्जियममध्ये वजन घटविण्याच्या औषधात याच कुळातील एक चिनी वनस्पती चुकून मिसळली गेली आणि शंभराहून अधिक रुग्णांची मूत्रपिंडे बिघडली. झाडपाल्याचे नाव ही जुन्या लोकांची समजूत असते, तो पुरावा नव्हे.

याच्या उलट ‘फॉक्सग्लव्ह’. अर्थ, कोल्ह्याचा हातमोजा. हा शब्द मूळचा ‘फोक्स ग्लव्ह’, म्हणजे पऱ्यांचा हातमोजा, असे कोणी कोणी सांगतात. ऐकावयास गोड, पण हजार वर्षांपूर्वीच्या लिखाणातही कोल्हाच आहे. जर्मन लोक या फुलाला शिंप्याच्या अंगुस्तानाचे नाव देत. त्यावरूनच फुक्स या जर्मन पंडिताने १५४२ साली त्याचे लॅटिन नाव ‘डिजिटॅलिस’ ठेवले. लॅटिन ‘डिजिटस’ म्हणजे बोट, आणि फारसी ‘अंगुश्त’ म्हणजेही बोटच!

या नावात औषधाचा उल्लेखसुद्धा नाही. पण १७७५ साली विल्यम विदरिंग या इंग्रज डॉक्टरांकडे श्रॉपशर परगण्यातील एका म्हातारीचा घरगुती काढा मताकरिता आला. अंगावर पाणी चढून सूज येते, त्या रोगावरचा तो काढा. त्यात वीसेक वनस्पती होत्या. गुण येतो तो फॉक्सग्लव्हमुळे, हे विदरिंगनी ओळखले. मात्र तेवढ्यावर ते थांबले नाहीत. दहा वर्षे रुग्णांना तोलून मात्रा दिली, किती दिल्याने आराम पडतो आणि किती दिल्याने विषबाधा होते हे टिपून ठेवले, आणि १७८५ साली, गुण न आलेल्या रुग्णांसकट, सारे पुस्तकरूपाने छापले. हृदयविकारावर आजही दिली जाणारी डिगॉक्सिनची गोळी याच कुळातील एका झाडापासून मिळते.