दुर्गशिल्पकार जोव्हान्नी बात्तिस्ता कायराती

धर्मग्रामाच्या ज्युबिलीच्या या मंगल प्रसंगीं देवळें बांधणाऱ्या पूर्वजांचें स्मरण होणें साहजिक आहे. परंतु आपल्या किनाऱ्यावर देवळांभोंवतीं तट उभारणारेही होऊन गेले. त्यांपैकीं एकाची ओळख वाचकांस करून देण्याचें आम्हीं योजिलें आहे. कारण त्याच्या चरित्रांत आपणां सर्वांस घेण्यासारखा बोध आहे.

कायराती हा इटलींतील मिलान शहराचा. त्या काळीं स्पेनचा राजा दुसरा फिलिप हाच पोर्तुगालचाही राजा होता. त्यानें इ. स. १५८३ मध्यें कायरातीस पोर्तुगीज हिंदुस्थानचा मुख्य स्थापत्यविशारद नेमिलें. पूर्व आफ्रिकेपासून मलाक्केपर्यंत पसरलेल्या ठाण्यांच्या तटबंदीचा भार त्याजवर आला. वसई व दमण येथील तटांशींही त्याचें नांव जोडलें जातें.

त्याची विद्या त्या काळीं नवी होती. तोफांपुढें जुने उंच तट टिकत नसत. म्हणून इटलींतील स्थापत्यविशारदांनीं ठेंगणे व रुंद तट आणि पुढें आलेले टोकदार बुरूज यांची योजना काढिली. एका बुरुजावरील तोफांचा मारा शेजारच्या तटाच्या पायथ्यापर्यंत पोहोंचे आणि शत्रूस आडोसा उरत नसे. याकरितां जमिनीचा चढउतार, खाडीचें मुख व तोफेचा पल्ला हीं आधीं काटेकोर मोजावीं लागत. शिल्पकार व मोजणीदार अशा दोन्ही भूमिका एकाच मनुष्यास पार पाडाव्या लागत.

त्याची कीर्ति मुख्यतः मोंबासाच्या किल्ल्यानें राहिली. केनियाच्या किनाऱ्यावर, प्रवाळाच्या खडकावर १५९३ सालीं आरंभिलेल्या त्या किल्ल्यास प्रभु येशूचें नांव देण्यांत आलें. मनुष्यदेहाच्या प्रमाणबद्धतेवर त्याचा आराखडा बेतलेला आहे. १५९६ सालीं कायराती गोव्यांत निधन पावला.

पुढें काय झालें? १६३१ सालीं मोंबासाचा सुलतान यूसुफ बिन हसन यानें किल्ल्यांत शिरून कप्तानास ठार केलें. त्यानंतर शेंकडों ख्रिस्ती जनांस प्राण द्यावे लागले. हा सुलतान गोव्यांत ख्रिस्ती शिक्षण घेऊन वाढलेला; परंतु त्याच्या पित्याचा वध पोर्तुगीजांच्याच चिथावणीनें झाला होता. तटास एकही भगदाड पडलें नव्हतें. आंतील अन्यायानेंच वाट करून दिली. पुढें १६९६ पासून १६९८ पर्यंतच्या दीर्घ वेढ्यानंतर तो किल्ला ओमानच्या अरबांनीं घेतला. १७३९ सालीं चिमाजी आप्पांच्या सैन्यानें सुरुंग लावून वसईही जिंकली.

कायरातीच्या कौशल्यास यामुळें कमीपणा येत नाहीं. २०११ सालीं मोंबासाचा किल्ला जागतिक वारसा म्हणून मान्य झाला. परंतु येशूचें नांव दिल्यानें तोफांचा गड येशूचा होत नाहीं, हें आपण विसरूं नये. वसईचा तट पडल्यावर युरोपीय पाद्री निघून गेले, राजाश्रय संपला. तरी आपल्या शेतकरी व कोळी पूर्वजांनीं श्रद्धा सोडली नाहीं. गोव्याच्या एतद्देशीय धर्मगुरूंनीं त्यांस आधार दिला, घराघरांतून रोझरी चालू राहिली. आज भग्न देवळांवर झाडें वाढलीं आहेत, आणि धर्मग्राम मात्र जिवंत आहेत.

म्हणून या ज्युबिलीच्या वर्षीं आपल्या देवळाची डागडुजी करीत असतां शेजाऱ्याशीं न्यायानें वागण्याचाही निश्चय आपण करूं या. त्याहून बळकट तट कोणताही शिल्पकार बांधूं शकणार नाहीं.