विनिमयासाठी योजिलेली उणीव : ‘पोकेमॉन’च्या दोन आवृत्त्या

२७ फेब्रुवारी १९९६ रोजी जपानमध्ये ‘गेम बॉय’ या हातात मावणाऱ्या खेळयंत्रासाठी ‘पोकेमॉन’ खेळाच्या ‘लाल’ व ‘हिरवी’ अशा दोन आवृत्त्या एकाच वेळी विक्रीस आल्या. दोहोंचे कथानक एकच. परंतु प्रत्येकीत ११ प्राणी असे की, जे दुसरीत मुळीच मिळत नाहीत. पुढे इंग्रजीत ‘एकान्स’ म्हणून ओळखला गेलेला सर्प ‘लाल’मध्ये, तर ‘मिआउथ’ हे मांजर ‘हिरवी’मध्ये आढळते. संग्रह पुरा करावयाचा तर दोन यंत्रे तारेने जोडून प्राण्यांची अदलाबदल करणे भाग होते.

ही विभागणी केवळ विक्री वाढविण्याची युक्ती होती काय? एकाच ग्राहकाने दोन्ही आवृत्त्या घ्याव्यात, हा लाभ उघड आहे. तथापि खेळाची अंतर्गत रचना निराळी साक्ष देते. चार प्राण्यांचे अंतिम रूपांतर अदलाबदल झाल्यावाचून होतच नाही. दुसऱ्याकडून आलेल्या प्राण्यास लढाईतील अनुभव दीडपट मिळतो. आणि मूळ धन्याचे नाव त्याच्यासोबत कायम राहते. हे तिन्ही नियम आवृत्तिभेदावर अवलंबून नाहीत. जनक सातोशी ताजिरी यांना बालपणी कीटकसंग्रहाचा छंद होता, हेही येथे लक्षात घ्यावे.

तात्पर्य, विनिमय हाच मूळ हेतू असून आवृत्तिभेद हे त्याचे साधन होय. व्यापाराने त्या साधनाचा लाभ घेतला, एवढेच म्हणता येईल.